रेवस ते रेडी : खाड्यांनी अडवलेला रस्ता

श्रोतेहो, प्रवासात रस्त्याच्या कडेचे किलोमीटरचे दगड आपण नुसते वाचतो, त्यांच्या टोपीच्या रंगाकडे सहसा लक्ष देत नाही. टोपी पिवळी असेल तर तो राष्ट्रीय महामार्ग आणि हिरवी असेल तर राज्य महामार्ग. ही विभागणी जुनी आहे. १९४३ साली निरनिराळ्या प्रांतांचे मुख्य अभियंते नागपुरात जमले आणि त्यांनी देशातील रस्त्यांची एक योजना आखली. राष्ट्रीय महामार्ग, प्रांतिक महामार्ग, जिल्हा रस्ते आणि गावरस्ते अशी प्रतवारी त्या योजनेने रूढ केली. पुढे प्रांत गेले, राज्ये आली आणि प्रांतिक महामार्गाचा राज्य महामार्ग झाला. कल्पना मात्र तीच राहिली. देशाच्या दृष्टीने नसला तरी प्रांताच्या दृष्टीने जो महत्त्वाचा, तो प्रांतिक महामार्ग.

आज मी अशाच एका रस्त्याविषयी बोलणार आहे. सरकारी दप्तरात त्याचे नाव प्रमुख राज्य महामार्ग क्रमांक ४. लोक त्याला सागरी महामार्ग म्हणतात. रायगड जिल्ह्यात अलिबाग तालुक्यातल्या रेवस बंदरापासून तो निघतो आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यात वेंगुर्ले तालुक्यातल्या रेडीला, म्हणजे गोव्याच्या वेशीवर संपतो. (कागदोपत्री हे गाव ‘रेड्डी’ झाले आहे, पण गावकरी रेडीच म्हणतात.) लांबी सुमारे पाचशे किलोमीटर. नकाशावर पाहिले तर किनाऱ्याला समांतर गेलेली एक सलग रेघ दिसते. प्रत्यक्षात हा रस्ता अजून सलग नाही. तो तुकड्यातुकड्यांनी आहे आणि दोन तुकड्यांच्या मध्ये खाडी आहे.

मी आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवला, तोही याच रस्त्याला लागून असलेल्या गुहागर तालुक्यात. त्यामुळे आधी भूगोल सांगण्याचा मोह आवरत नाही. सह्याद्रीवरून पश्चिमेला उतरणाऱ्या नद्या आखूड आणि वेगवान. कुंडलिका, सावित्री, वाशिष्ठी, शास्त्री, मुचकुंदी, कर्ली ही त्यातली काही नावे. शेवटच्या हिमयुगानंतर समुद्राची पातळी वाढली आणि या नद्यांची मुखे पाण्याखाली गेली. तीच आपल्या खाड्या. भरतीचे पाणी त्यांतून मैलोन्‌मैल आत शिरते. दोन खाड्यांच्या मध्ये जांभ्याचा उंच सडा आणि सड्याच्या पायथ्याशी, माडापोफळीच्या वाड्यांतून वसलेले गाव. म्हणून आपला सागरी महामार्ग बराच वेळ समुद्र दाखवतच नाही. तो सड्यावर चढतो, दुसऱ्या बाजूला गावात उतरतो, वाडीच्या दोन गडग्यांमधून अंग चोरून जातो आणि पुन्हा चढणीला लागतो.

अशा मुलखात उत्तर-दक्षिण रस्ता कोणी काढलाच नव्हता, कारण त्याची गरज नव्हती. कोकणातले जुने रस्ते पाहा, ते सगळे पूर्व-पश्चिम आहेत. बंदरातून निघायचे आणि घाट चढून देशावर जायचे. चौल हे दोन हजार वर्षांपूर्वीच्या ग्रीक लेखकांनाही ठाऊक असलेले बंदर. पंधराव्या शतकात अफनासी निकितीन हा रशियन व्यापारी तिथेच उतरला आणि तिथून देशावर गेला. दाभोळ हे बहामनी आणि आदिलशाही काळातले नामांकित बंदर. तिथला माल चिपळूण, कुंभार्ली घाटावाटे कऱ्हाडकडे जाई. जैतापूरच्या खाडीतून राजापूर आणि पुढे अणुस्कुरा घाटाने कोल्हापूर. वेंगुर्ल्याला सतराव्या शतकात डचांची वखार होती, तिथून वाट बेळगावकडे. इंग्रजांना बाणकोट १७५६ मध्ये मिळाले. पुढे महाबळेश्वर वसवल्यावर मुंबईचे साहेब समुद्रमार्गे बाणकोटला येत, सावित्रीच्या खाडीतून होडीने दासगाव-महाडपर्यंत जात आणि मग घाट चढत.

मग दाभोळच्या माणसाला मालवणला जायचे असेल तर तो कसा जाई? समुद्राने. किनाऱ्याचा उत्तर-दक्षिण महामार्ग समुद्र हाच होता. आधी गलबते, मग आगबोटी. हर्णै, दाभोळ, जयगड, रत्नागिरी, मुसाकाजी, जैतापूर, विजयदुर्ग, देवगड, मालवण, वेंगुर्ले ही बंदरे आमच्या आजोबांच्या पिढीला एसटीच्या थांब्यांसारखी पाठ होती. आगबोट खोल पाण्यात उभी राही आणि पडावातून माणसे, ट्रंका, आंब्याच्या पेट्या वर चढत. पावसाळ्यात हा महामार्ग बंद. आणि तो सुरू असतानाही निर्धोक होता असे नाही. १७ जुलै १९४७ या दिवशी मुंबईच्या भाऊच्या धक्क्याहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट वादळी समुद्रात बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसे दगावली. स्वातंत्र्य महिन्याभरावर आले असताना कोकणातल्या कितीतरी घरांत सुतक होते. आपल्या रस्त्याचा आरंभ ज्या रेवसला होतो, त्याच रेवसच्या वाटेवरची ही गोष्ट.

या जुन्या व्यवस्थेत खाडी ही अडचण नव्हती. ती गावाची पुढची ओटी होती. आमच्या घरचेच सांगतो. माझी आत्या खाडीपलीकडे दाभोळच्या अंगाला दिलेली. आमचे गाव धोपाव्याच्या बाजूला. सणावाराला आत्या तरीत बसून यायची आणि संध्याकाळच्या ओहोटीच्या आत परत जायची. खाडीपलीकडे मुलगी देणे म्हणजे लांब देणे, असे कोणाला वाटत नसे. सोयरिकी, देवाची पालखी, बाजार, भाताचे बियाणे, सगळे व्यवहार पाण्यावरून होत. मग हळूहळू प्रवास म्हणजे एसटी असे समीकरण झाले. तरीवाल्यांची पुढची पिढी मुंबईला गेली, तरी बेभरवशाच्या झाल्या आणि म्हाताऱ्या आत्याला होडीत चढउतर जमेना. एसटीने यायचे तर दाभोळहून दापोली, दापोलीहून खेड, खेडहून चिपळूण, चिपळूणहून गुहागर आणि तिथून आमचे गाव. शंभर किलोमीटरच्या वर अंतर, तीन गाड्या बदलायच्या आणि अख्खा दिवस मोडायचा. माझ्या वडिलांच्या बाराव्याला आत्या येऊ शकली नाही. आमच्या अंगणातून तिच्या गावातले दिवे दिसत होते. गावे होती तिथेच होती, पण रस्त्याने त्यांना एकमेकांपासून लांब नेले होते.

एकट्या दाभोळ-धोपाव्याचे हे दुखणे नव्हते, सगळ्या किनाऱ्याचे होते. ऐंशीचे दशक संपता संपता कोकणची आगबोट इतिहासजमा झाली. मुंबई-गोवा राष्ट्रीय महामार्ग, पूर्वीचा १७ नंबरचा आणि आताचा ६६ नंबरचा, बहुतांशी आतल्या बाजूने गेला: पेण, महाड, खेड, चिपळूण, राजापूर, कणकवली. १९९८ मध्ये पूर्ण झालेली कोकण रेल्वेही साधारण त्याच पट्ट्यातून गेली. दोन्ही कामे मोठीच होती, त्यांचे मोल कमी लेखायचे कारण नाही. पण त्यामुळे कोकणचा कणा किनाऱ्यावरून तीस-चाळीस किलोमीटर आत सरकला आणि ज्या बंदरांनी शतकानुशतके हा प्रांत पोसला, ती गावे रस्त्याची शेवटची टोके झाली. ‘मुक्कामी गाडी’ हा शब्द किनाऱ्यावरच्या माणसाला नीट कळतो. संध्याकाळी गाडी येते, रात्री गावात झोपते आणि पहाटे आल्या वाटेने परत जाते. पुढे जायला रस्ताच नसतो.

ही टोके एकमेकांना जोडावीत, हा विचार सागरी महामार्गाच्या मुळाशी आहे आणि त्याचे श्रेय बॅरिस्टर अ. र. अंतुले यांना दिले जाते. ते जून १९८० ते जानेवारी १९८२ या काळात मुख्यमंत्री होते. स्वतः सावित्रीच्या खाडीकाठच्या आंबेत गावचे. खाडी आडवी आली की काय होते, हे त्यांना कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. त्यांच्याच काळात कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले आणि १ मे १९८१ रोजी सिंधुदुर्ग जिल्हा निर्माण झाला. रेवस-रेडी रस्त्याची कल्पनाही त्यांचीच. ती अमलात आली ती नवा रस्ता खोदून नव्हे, तर असलेले गावरस्ते आणि जिल्हा रस्ते एकाला एक जोडून. गोधडीच म्हणा ना! म्हणून आजही हा महामार्ग कुठे ऐसपैस आहे, तर कुठे समोरून एसटी आली की मोटारीला मागे जावे लागते.

आता आपण या रस्त्याने एक फेरी मारू. रेवसहून निघालो की किहीम, अलिबाग, चौल करत रेवदंडा येते. तिथे कुंडलिका नदीवर पूल आहे. पलीकडे साळाव, मग काशीद, नांदगाव आणि मुरूड. मुरूडच्या पुढे आगरदांड्याला राजपुरीची खाडी आडवी येते. पलीकडे दिसते ते दिघी. इथे फेरीबोट. पुढे दिवेआगर, शेखाडी, श्रीवर्धन, हरिहरेश्वर आणि बागमांडला. पुन्हा खाडी, सावित्रीची. पलीकडे वेसवी आणि बाणकोट. पुन्हा फेरीबोट. रत्नागिरी जिल्ह्यात शिरल्यावर केळशीची खाडी, मग आंजर्ले, हर्णै आणि दाभोळ. पुन्हा खाडी, वाशिष्ठीची. धोपाव्याला उतरून गुहागर, वेळणेश्वर, हेदवी, तवसाळ. पुन्हा खाडी, शास्त्रीची. पलीकडे जयगड. मग गणपतीपुळे, आरे-वारे आणि रत्नागिरी. या पट्ट्यात समुद्र हाताशी येतो आणि प्रवासी गाड्या थांबवून उभे राहतात.

रत्नागिरीच्या दक्षिणेला परिस्थिती बरी आहे. भाट्ये, पूर्णगड, जैतापूर या खाड्यांवर पूल झाले आहेत. वाघोटणची खाडी ओलांडली की सिंधुदुर्ग जिल्हा. विजयदुर्ग, देवगड, कुणकेश्वर, मिठबाव, आचरा, मालवण, मग कर्ली ओलांडून वेंगुर्ले, शिरोडा आणि रेडी. पुढे तेरेखोलची खाडी. तिथे आणखी एक गंमत आहे. तेरेखोलचा किल्ला खाडीच्या आपल्या बाजूच्या तीरावर आहे, पण तो आहे गोव्यात. राज्याच्या सीमेने खाडी ओलांडली, रस्ता मात्र अलीकडेच थांबला.

मधल्या काळात लोक थांबले नाहीत. २००३ साली दाभोळ आणि धोपावे यांच्यामध्ये मोटारी वाहून नेणारी फेरीबोट सुरू झाली, सरकारने नव्हे तर खासगी उद्योजकांनी सुरू केलेली. लोकांनी तिला ‘जंगल जेटी’ असे नाव देऊन टाकले. तिचे यश पाहून पुढच्या काही वर्षांत इतर खाड्यांवरही अशा बोटी आल्या. दुचाकी, मोटार, ट्रक, आंब्याचा टेम्पो, वऱ्हाडाची बस, सगळे तीत चढते आणि काही मिनिटांत पैलतीर गाठते. सरकारी पुलाची वाट पाहणाऱ्या किनाऱ्याला या बोटींनी वीस वर्षे सांभाळले आहे. पण बोट ती बोटच. रात्री ती थांबते, तुफान असेल तर थांबते. आणि बाळंतीण किंवा सर्पदंश झालेला माणूस वेळापत्रक पाहून आजारी पडत नाही.

बाहेरच्यांना खाडी कशी दिसत नाही, याचा एक नमुना सांगतो. एन्रॉन कंपनीचा वीज प्रकल्प सगळ्या जगात ‘दाभोळ’ या नावाने गाजला. २००१ साली तो बंद पडला, तेव्हाही वर्तमानपत्रांत दाभोळच होते. प्रत्यक्षात हा प्रकल्प दाभोळला नाहीच. तो खाडीच्या अलीकडे, गुहागर तालुक्यात, अंजनवेल-रानवीच्या सड्यावर आहे. करारांवर सह्या करणाऱ्यांना अलीकडचे आणि पलीकडचे यांत फरक वाटला नाही. आम्हाला मात्र तो फरक शंभर किलोमीटरचा होता!

चाळीस वर्षे पूल का झाले नाहीत? काही कारणे खरी आहेत. खाडीचे मुख रुंद, तळाशी खोल चिखल, भरती-ओहोटीचा सतत ओढा. खाऱ्या हवेने काँक्रिटमधले लोखंड गंजते. मच्छीमारांच्या बोटी खालून जातील एवढी उंची पुलाला द्यावी लागते. अशा पुलाला पैसा लागतोच. बाणकोटच्या खाडीत सुरू झालेले पुलाचे काम मध्येच थांबले आणि त्याचे खांब फेरीबोटीतल्या प्रवाशांना दिसत राहिले. पण मला आणखी एक कारण दिसते. पूल बांधायचा तर आधी तिथली वाहतूक मोजतात. जिथे पूलच नाही तिथे वाहतूक कुठून असणार? विहीर नसलेल्या गावात किती कळशा भरल्या जातात ते मोजायचे आणि म्हणायचे, या गावाला विहिरीची गरज दिसत नाही. असा तो हिशेब आहे.

एकाच कण्यावर सगळा भार टाकण्याची किंमत आपण मोजली आहे. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा ब्रिटिशकालीन दगडी पूल पुरात वाहून गेला आणि दोन एसटी गाड्या प्रवाशांसह नदीत गेल्या. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर धडकले. श्रीवर्धन, मुरूड, मंडणगड, दापोलीच्या वाड्या भुईसपाट झाल्या, झाडांनी रस्ते अडले आणि शेजारच्या तालुक्याची मदतही लांबच्या वाटेने आली. जुलै २०२१ मध्ये चिपळूण पाण्याखाली गेले आणि वाशिष्ठीवरचा जुना पूल खचल्याने राष्ट्रीय महामार्ग तुटला. अशा प्रत्येक वेळी किनाऱ्यालगत दुसरा सलग रस्ता असता, तर निदान औषधे, डिझेल, विजेचे खांब बसवणारी माणसे वेळेत पोहोचली असती.

आता चित्र बदलते आहे. महाराष्ट्र राज्य रस्ते विकास महामंडळाने या मार्गावरचे मोठे पूल हाती घेतले आहेत आणि २०२४ पासून त्यांची कामे ठेकेदारांना देण्यास सुरुवात झाली. रेवस-करंजा, आगरदांडा-दिघी, बाणकोट, केळशी, दाभोळ, जयगड ही नावे त्या यादीत आहेत. रेवस-करंजा पूल धरमतरच्या खाडीवरचा. तो झाला की अलिबागचा माणूस वडखळ-पेणचा वळसा न घेता उरणला उतरेल आणि तिथून नवी मुंबई जवळच आहे. हे पूल पूर्ण होवोत, ही माझी मनापासून इच्छा आहे.

पण श्रोतेहो, इथे थोडे सावध राहिले पाहिजे. हा रस्ता नेमका कोणासाठी, हा प्रश्न आता विचारायला हवा. मुंबईहून गोव्याला वेगाने जाणाऱ्यासाठी की हेदवीहून जयगडला जाणाऱ्यासाठी? पहिल्याला रुंदी हवी असते, दुसऱ्याला पूल. पहिल्यासाठी रस्ता केला की गावातल्या वाड्यांचे गडगे पडतात, शंभर वर्षांच्या पोफळी तोडाव्या लागतात, रस्त्याकडेच्या जमिनींचे सौदे मुंबई-पुण्यात होतात आणि गावकरी आपल्याच गावात चहाची टपरी मिळते का ते बघत हिंडतो. दुसऱ्यासाठी रस्ता केला तर शाळेतली मुलगी पलीकडच्या महाविद्यालयात जाऊन संध्याकाळी घरी येते, मासळी ताजी असताना बाजारात पोहोचते आणि रुग्णवाहिकेला बोटीची वाट पाहावी लागत नाही.

म्हणून माझे म्हणणे साधे आहे. आधी पूल, मग रुंदी. जिथे रुंदी हवीच असेल तिथे वळणरस्ता सड्यावरून न्यावा, गावाच्या वाडीतून नको. पुलावर चालणाऱ्यासाठी आणि सायकलवाल्यासाठी जागा असावी, कारण खाडीच्या दोन्ही काठांवर राहणाऱ्या सगळ्यांकडे मोटार नाही. पुलावरून पहिल्या दिवसापासून एसटी धावावी, मुक्कामी नव्हे, पलीकडे जाणारी. आणि ज्या बोटींनी आणि खलाशांनी इतकी वर्षे ही खिंड लढवली, त्यांना पूल होताच वाऱ्यावर सोडू नये. लहान खाड्या अजून पुष्कळ आहेत, त्यांचे काम तिथे लागेल.

हा रस्ता किती किलोमीटरचा, हा आकडा मला आताशा फारसा महत्त्वाचा वाटत नाही. त्याचे खरे माप त्या पाच-सहा खाड्यांत आहे. त्या ओलांडता आल्या तर पाचशे किलोमीटरांना अर्थ, नाहीतर ते शेवटाला टोक असलेले निरनिराळे गावरस्ते. प्रांतिक महामार्ग हा शब्द जुना झाला असेल, पण त्यातला प्रांत म्हणजे तिथे राहणारी माणसे. त्यांना शेजारच्या गावी जाता आले, म्हणजे महामार्ग झाला असे समजावे.